चौकशी संपत नाही, हीच शिक्षा

अहमदपूरच्या तहसील कार्यालयातील एका महसूल सहायकाचे नाव अव्वल कारकून पदाच्या यादीत आले, असे समजा. त्याच सुमारास एका तक्रारीवरून त्याला दोषारोपपत्र मिळते. पदोन्नती समिती त्याच्या नावाचा विचार करते, पण निष्कर्ष मोहोरबंद पाकिटात जातो. मागाहून आलेले सहकारी साहेब होतात, हा त्याच टेबलावर. चौकशी अधिकारी बदलतात, तारखा पडत राहतात, पाकीट मात्र उघडत नाही.

ही पद्धत मुळात चुकीची नाही. जनतेचा पैसा खाल्ल्याचा आरोप असलेल्याला बढतीचे बक्षीस मिळू नये, हे रास्तच आहे. पण तिला मर्यादा आहेत. 27 ऑगस्ट 1991 रोजी जानकीरामन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की विभागीय दोषारोपपत्र किंवा फौजदारी आरोपपत्र दिल्यानंतरच पाकीट बंद करता येते. नुसती तक्रार किंवा प्राथमिक चौकशी त्याला पुरेशी नाही.

महाराष्ट्रात 15 डिसेंबर 2017 चा सामान्य प्रशासन विभागाचा शासन निर्णय लागू आहे. समितीच्या मूळ बैठकीला दोन वर्षे होऊनही चौकशी संपली नसेल, तर आरोपाचे गांभीर्य आणि विलंबाला जबाबदार कोण हे पाहून तदर्थ पदोन्नतीचा विचार करता येतो. शिवाय प्रेमनाथ बाली प्रकरणात 2015 साली सर्वोच्च न्यायालयाने विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर एका वर्षात संपवावी असे म्हटले आहे. म्हणजे घड्याळ आहे, ते पाहणारा कुणी नाही.

सत्तेची मर्जी असली की हेच नियम कसे वाकतात, हेही महाराष्ट्राने पाहिले. परभणीचा तरुण अभियंता ख्वाजा युनूस याच्या 2003 मधील कोठडी मृत्यूच्या प्रकरणात आरोपी असलेले पोलीस अधिकारी सचिन वाझे 2004 पासून निलंबित होते. खटला प्रलंबित असतानाच जून 2020 मध्ये, कोरोनाकाळात मनुष्यबळ हवे म्हणून, त्यांना सेवेत घेतले गेले आणि मुंबई गुन्हे शाखेच्या एका महत्त्वाच्या पथकाचे प्रमुखपदही मिळाले. मार्च 2021 मध्ये स्फोटकांच्या प्रकरणात अटक झाली, मे महिन्यात ते बडतर्फ झाले. ही कागदोपत्री पदोन्नती नव्हती. पण खुनाचा खटला आड आला नाही, हे खरे. कारकुनाला मात्र एक दोषारोपपत्र वर्षानुवर्षे आडवे येते.

मागासवर्गीय कर्मचाऱ्याला हा फटका अधिक बसतो. मुंबई उच्च न्यायालयाने 4 ऑगस्ट 2017 रोजी पदोन्नतीतील आरक्षणाचा 2004 चा शासन निर्णय रद्द केला. पुढे 7 मे 2021 च्या शासन निर्णयाने पदोन्नतीच्या सर्व जागा 25 मे 2004 च्या स्थितीतील सेवाज्येष्ठतेनुसार भरण्याचे ठरले. आरक्षणाचे दार बंद झाले, उरली ती ज्येष्ठतेची वाट. तिच्यावरही न संपणारी चौकशी आडवी घातली, तर संविधानाच्या अनुच्छेद 16 मधील समान संधी कागदावरच राहते.

म्हणून पाकिटात अडकलेल्या प्रत्येकाने दोन तारखा लिहून ठेवाव्यात: दोषारोपपत्र बजावल्याची आणि पदोन्नती समितीच्या मूळ बैठकीची. बैठकीचे इतिवृत्त माहिती अधिकारात मागावे. दोन वर्षे होताच तदर्थ पदोन्नतीसाठी लेखी अर्ज करून पोच घ्यावी. दाद मिळाली नाही तर राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचे छत्रपती संभाजीनगर खंडपीठ आहे.

आणि कर्मचारी संघटनांनी फक्त आपल्या माणसाची बाजू घेऊ नये. दोषी असेल त्याला वेळेत शिक्षा आणि निर्दोष असेल त्याला मानीव दिनांकासह पदोन्नती, ही मागणी करावी. लांबलेल्या चौकशीत खरा लाचखोर निवृत्तीपर्यंत सुरक्षित राहतो आणि निरपराध माणूस निवृत्तीपर्यंत शिक्षा भोगतो.