काळाचे ऋण आणि नीरेचे पाणी

बारामतीहून फलटणकडे जाणाऱ्या रस्त्यावर, नीरा नदीच्या अलीकडे सांगवी हे गाव लागते. वरच्या अंगाला नीरा डावा कालवा, खालच्या अंगाला नदी आणि मध्ये उसाचे मळे. नदी ओलांडली की सातारा जिल्हा सुरू होतो. आषाढी वारीच्या दिवसांत तुकोबारायांची पालखी उत्तरेला बारामतीवरून जाते, तर ज्ञानोबारायांची दक्षिणेला फलटणवरून.

अशा गावात एखाद्या घरी वास्तुशांत किंवा सत्यनारायण असला की गुरुजी यजमानाच्या हातावर पळीभर पाणी घालतात आणि संकल्प सांगू लागतात. यजमानाचे अर्धे लक्ष उसाच्या तोडीकडे असते. पण गुरुजींच्या मुखातून त्या वेळी जे उच्चारले जाते, ते थक्क करणारे आहे. श्वेतवाराह कल्प, वैवस्वत मन्वंतर, अठ्ठाविसावे कलियुग, त्याचा पहिला चरण, शालिवाहन शक, संवत्सर, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी आणि वार. मग भरतवर्ष, दंडकारण्य, गोदावरीचे दक्षिण तीर. आणि सर्वांत शेवटी यजमानाचे गोत्र व नाव. ४३२ कोटी वर्षांच्या कल्पापासून आजच्या वारापर्यंत येऊन एक सामान्य शेतकरी या विराट कालपटावर आपली जागा निश्चित करतो. धार्मिक कार्याच्या आरंभी प्रत्येक वेळी स्थळकाळाचा असा उच्चार करण्याची परंपरा ज्या समाजाने जपली, त्याला काळाचे भान नाही असे कोण म्हणेल?

परंतु त्याच यजमानाला पूजा आटोपल्यावर विचारावे, की आपल्या खापरपणजोबांचे नाव काय? वाड्याशेजारची विहीर कोणत्या साली खोदली? कालवा येण्यापूर्वी या शिवारात काय पिकत होते? आणि आपल्या नातवाच्या हाती ही जमीन कोणत्या अवस्थेत पडेल? बहुतेक वेळा उत्तर मिळत नाही. कल्पाचा हिशेब तोंडपाठ आणि चार पिढ्यांचा हिशेब कोरा, ही विसंगती एका सांगवीची नाही. ती आपल्या साऱ्या समाजजीवनाची आहे.

आरोप आणि उत्तर

हिंदूंना इतिहासबुद्धी नाही, हा आरोप जुना आहे. अकराव्या शतकात अल्बेरुनीने तो केला. १८१७ साली भारताचा इतिहास प्रसिद्ध करणाऱ्या जेम्स मिलने, भारतात कधीही पाऊल न ठेवता, तो अधिक उर्मटपणे केला. पुढे इंग्रजी शिक्षणाबरोबर तो आपल्याच विद्वानांच्या अंगवळणी पडला. काळ सरळ रेषेत पुढे जातो असे मानणारे समाज तेवढे प्रगतिशील आणि युगचक्र मानणारे समाज दैववादी, अशी सोपी विभागणीही त्यातूनच रूढ झाली.

या आरोपाचे उत्तर नीरेच्याच खोऱ्यात आहे. नीरा इंदापूर तालुक्यात नृसिंहपूरला भीमेला मिळते. त्याच भीमेच्या काठी, पुढे सोलापूर जिल्ह्यात हत्तरसंग कुडल येथे शके ९४० चा, म्हणजे इसवी सन १०१८ चा शिलालेख आहे. मराठीच्या सर्वांत जुन्या कालनिर्दिष्ट लेखांत त्याची गणना होते. दगडावर अक्षरे कोरताना शक नोंदवावा, ही जाण त्या काळी येथे होती. असे किती तरी शिलालेख आणि ताम्रपट शक, संवत्सर, मास, तिथी आणि वार सांगतात.

आता नीरेच्या वरच्या अंगाला, भोर तालुक्यातील कारी गावाकडे वळावे. तेथील जेधे देशमुखांच्या घराण्याने एक शकावली जपून ठेवली होती. लोकमान्य टिळकांनी १९१६ साली ती प्रकाशात आणली. तोवर बखरींच्या आधारे शिवछत्रपतींचा जन्म शके १५४९ मधील, म्हणजे १६२७ सालचा मानला जाई. जेधे शकावलीने शके १५५१, शुक्ल संवत्सर, फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार अशी नोंद पुढे ठेवली. पुढे इतर साधनांतूनही तिला बळ मिळाले आणि आज शासकीय शिवजयंती १९ फेब्रुवारीला होते, ती या नोंदीला अनुसरून.

यात एक मर्म आहे. १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख जुन्या ज्युलियन गणनेची आहे. आज जगभर रूढ असलेल्या ग्रेगोरियन गणनेने तोच दिवस १ मार्चला येतो. तारीख कोणत्या गणनेची, हे सांगावे लागते. तिथीबरोबर वार आणि संवत्सर दिलेले असले की नोंद स्वतःच स्वतःचा पुरावा तपासू देते. खोटा कागद रचणाऱ्याचा वार बहुधा चुकतो आणि तो पकडला जातो. तिथी-तारखेच्या वादात हिरिरीने उतरणाऱ्या दोन्ही बाजूंनी कारीच्या त्या घराण्याचे आधी आभार मानावेत. त्यांनी कागद जपला, म्हणून वाद घालण्यापुरते तरी काही हाती उरले.

सगळीकडे असे घडले नाही. इतिहासाचार्य राजवाडे गावोगाव हिंडले तेव्हा माळ्यांवर आणि बळदांत त्यांना दफ्तरे सापडली, तशीच वाळवीने खाल्लेली व ओलीने कुजलेली बाडेही सापडली. परक्यांनी काय जाळले याची यादी आपण आवेशाने सांगतो. आपल्याच घरात काय रद्दीत गेले, याची यादी कोणी करत नाही.

विराट काळाचा मोह

युरोपात सतराव्या शतकात आर्चबिशप जेम्स अशर याने सृष्टीची उत्पत्ती इसवी सनापूर्वी ४००४ मध्ये झाल्याचे गणित मांडले आणि दीर्घकाळ ते प्रमाण मानले गेले. पुढे भूगर्भशास्त्राने पृथ्वीचे वय सुमारे ४५४ कोटी वर्षे ठरविले. आपल्या कल्पाचे ४३२ कोटींचे मान त्याच्या जवळपास येते, हे पाहून अनेकांना हर्ष होतो. या हर्षाला आवर घालणे बरे. पूर्वजांनी खडकांचे वय मोजून तो आकडा काढलेला नव्हता. त्यांचे थोरपण निराळे आहे. सृष्टी अतिप्राचीन आहे आणि माणूस तिच्यात क्षणभराचा पाहुणा आहे, हा विचार पेलण्याइतके त्यांचे मन मोठे होते. आकडा जुळण्याचा आनंद एका दिवसात विरतो. पाहुण्याने पाहुण्यासारखे वागावे ही शिकवण मात्र रोजच्या आचरणाची आहे.

शिवाय आपल्या परंपरेने काळाचे माप कधी आंधळेपणाने स्वीकारले नाही. चांद्रवर्ष सुमारे ३५४ दिवसांचे, सौरवर्ष ३६५ दिवसांचे. ही अकरा दिवसांची तूट अधिक मासाने भरून काढली जाते, म्हणून दिवाळी ऋतू सोडून भटकत नाही. व्रतवैकल्यांसाठी चंद्राचे माप आणि पेरणीसाठी सूर्याचे, असा दुहेरी हिशेब शेतकरी सहज सांभाळतो. जूनच्या पहिल्या आठवड्यात तो वाट पाहतो ती मृग नक्षत्राची. तरीही संपातचलनामुळे पंचांग आणि ऋतू यांत साधारण ७२ वर्षांना एक दिवस फरक पडत जातो. शंकर बाळकृष्ण दीक्षित, लोकमान्य टिळक, व्यंकटेश बापूजी केतकर यांनी पंचांगशुद्धीसाठी आयुष्याची वर्षे वेचली. मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखालील समितीच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ पासून भारताने राष्ट्रीय दिनदर्शिका स्वीकारली. जे माप वेळोवेळी तपासले जाते तेच जिवंत राहते, हा त्या सर्वांच्या परिश्रमाचा अर्थ.

१९१० ची दोन पत्रे

मग हेच तपासणे आपण आपल्या शिवारात का करत नाही?

१८७६ ते ७८ च्या भीषण दुष्काळाने दख्खनचा हा अवर्षणग्रस्त पट्टा होरपळून निघाला. त्यानंतर भोरजवळ भाटघरला धरण बांधले गेले आणि १८८५ च्या सुमारास नीरा डाव्या कालव्याचे पाणी खेळू लागले. ज्वारी-बाजरीच्या माळावर ऊस उभा राहिला. विसाव्या शतकाच्या आरंभी विश्वेश्वरय्या यांनी याच कालव्यावर ब्लॉक पद्धत बसविली. ठरावीक क्षेत्राच्या एक तृतीयांश भागात ऊस, उरलेल्यात कमी पाण्याची पिके आणि त्यांची फेरपालट, असे तिचे सूत्र होते. जमिनीलाही विश्रांतीचा काळ हवा, ही समज त्यामागे होती.

१९१० हे साल या दृष्टीने विलक्षण आहे. त्या वर्षी ७ जुलैला पुण्यात राजवाडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी भारत इतिहास संशोधक मंडळ स्थापन केले. भूतकाळाचे कागद वाचवा, ही ती हाक होती. आणि त्याच वर्षी पुण्याच्या कृषी महाविद्यालयातील हॅरॉल्ड मॅन आणि ताम्हणे यांची नीरा खोऱ्यातील क्षारयुक्त जमिनींवरची पुस्तिका मुंबई सरकारच्या शेती खात्याने प्रसिद्ध केली. भविष्यकाळाची जमीन वाचवा, ही तिची हाक होती. कालव्याला जेमतेम पंचवीस वर्षे झाली होती आणि धोक्याची घंटा वाजली होती.

तो धोका आजही त्याच रीतीने येतो. भारी काळ्या जमिनीला गरजेपेक्षा अधिक पाणी दिले की जमिनीखालची पाण्याची पातळी वर चढते. क्षार त्याबरोबर पृष्ठभागावर येतात. पाणी उडून जाते, मीठ फुटलेले दिसते. पुढे जमीन चिबड होते, चोपण होते, बियाणे उगवेनासे होते. उपायही जुनेच आहेत. निचऱ्याचे चर, जिप्सम, ताग-धैंचाचे हिरवळीचे खत, मोजून दिलेले पाणी, ठिबक आणि पिकांची फेरपालट. अनेक शेतकरी ते करतातही. पण आडसाली उसाचा दीड वर्षाचा हिशेब, कारखान्याच्या गळीत हंगामाचा हिशेब आणि निवडणुकीचा पाच वर्षांचा हिशेब यांच्यापुढे तीस वर्षांचा हिशेब मांडायला कोणी बसत नाही.

येथे शेतकऱ्याला दोष देऊन मोकळे होणे अन्यायाचे ठरेल. ज्याच्या डोक्यावर सोसायटीचे कर्ज आहे आणि मुलीचे लग्न तोंडावर आले आहे, त्याला शंभर वर्षांचा विचार एकट्याने परवडत नाही. दीर्घ काळाचा विचार ही समाजाची जबाबदारी आहे. समाज ती टाळतो, तेव्हा तिचे ओझे सर्वांत दुबळ्या खांद्यावर पडते.

ऋणाची कल्पना

काळ चक्राकार की सरळ रेषेतला, हा वाद पंडितांनी खुशाल घालावा. आपल्या पूर्वजांनी काळाकडे पाहण्याची आणखी एक दृष्टी दिली आहे, ती ऋणाची. माणूस जन्मतो तोच देवऋण, ऋषिऋण आणि पितृऋण घेऊन. ज्यांचे घेतले ते तर निघून गेलेले असतात. मग फेड कोणाकडे करायची? ज्ञान पुढे दिले की ऋषिऋण फिटते, वंश पुढे चालविला की पितृऋण फिटते. मागच्यांचे घेणे पुढच्यांना देऊन फेडायचे, हा त्यातला गाभा. इतिहास आणि भविष्य यांना जोडणारा याहून नेमका धागा शोधून सापडणार नाही. चोपण जमीन वारशात ठेवणाऱ्याने घाटावर कितीही पिंड ठेवले तरी पितृऋण फिटले असे म्हणता येईल का?

म्हणून गौरवाच्या भाषणांपेक्षा एक साधे काम अधिक मोलाचे ठरेल. वर्षप्रतिपदेला गावोगाव पंचांगवाचन होते. त्याच पारावर त्याच दिवशी गावाचेही वाचन व्हावे. गतवर्षात विहिरींची पातळी किती होती, किती शेतांचे माती परीक्षण झाले, कोठे मीठ फुटले, कोणती जुनी झाडे पडली, कोण वृद्ध काळाच्या पडद्याआड गेले आणि त्यांच्यासोबत कोणती आठवण गेली, हे एका वहीत लिहावे आणि मोठ्याने वाचावे. शाळेतील मुलांनी घरोघरच्या ट्रंका उघडून मोडी कागदांची यादी करावी. शाखेवरचा तरुण, निवृत्त शिक्षक, महिला बचतगटातील ताई, यांपैकी कोणीही हे काम हाती घेऊ शकेल. त्याला निधी लागत नाही, चिकाटी लागते.

जेध्यांच्या घरात ज्यांनी ती शकावली लिहिली, त्यांना पुढे कोण वाचील हे ठाऊक नव्हते. त्यांनी वार आणि तिथी नेमकी लिहिली आणि पुढच्यांच्या हवाली केली. सांगवीच्या यजमानाच्या हातावर पुढच्या वेळी संकल्पाचे पाणी पडेल, तेव्हा कल्प आणि मन्वंतराच्या उच्चारासोबत गावाची ती वहीही देव्हाऱ्याशेजारी असावी. तिच्यातले पहिले पान कोणी तरी लिहायला हवे.