ती वेडी, हे ठरवलं कुणी?

शार्लट ब्राँटीची ‘जेन एअर’ १८४७ साली छापून आली ती करर बेल या टोपणनावाने. बाईचं लिखाण म्हटलं की टीकाकार नाक मुरडत. पोरकी, गरीब जेन आपल्या मालकाला तोंडावर सुनावते, की मी तुझ्या बरोबरीची आहे. हे आपल्याला आवडतं, आवडायलाच हवं. पण त्याच हवेलीच्या तिसऱ्या मजल्यावर रॉचेस्टरची लग्नाची बायको बर्था कोंडलेली आहे. रात्रीचं हसणं, बंद दार, आग. भयकथेचा सगळा डोलारा तिच्याच जिवावर!

ती वेडी, हे सांगतो कोण? नवरा. डॉक्टरांनी तसं ठरवलं, तिची आईही वेडी, तिची चाल वाईट, हेसुद्धा त्याच्याच तोंडून. जेनला ती दिसते ती दहा वर्षं कोंडल्यानंतर. दहा वर्षांत कोण शहाणं राहील? जमैकाच्या या मुलीबरोबर तीस हजार पौंड आले होते. तेव्हाच्या इंग्रजी कायद्याने बायकोचा पैसा नवऱ्याचा होई. त्यासाठी १८७० आणि १८८२ चे कायदे यावे लागले. वेडाच्या कारणावरून घटस्फोट तर तिथे १९३७ पर्यंत नव्हता. मग पैसा ठेवा, बाई कोंडा. जीन ऱ्हीसने बर्थाची बाजू कादंबरीत मांडली, ती १९६६ साली.

आपल्या रिसोड-मालेगावकडे तिसरा मजला लागत नाही. ‘येडी हाय, घेऊन जा’ म्हणत माहेरच्या दारात आणून सोडली की झालं. हिंदू विवाह कायद्यात वेड हे घटस्फोटाचं कारण आहे खरं, पण नुसतं आजाराचं नाव पुरत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८८ सालीच सांगितलंय. २०१७ चा मानसिक आरोग्य कायदाही म्हणतो, की आजार आहे म्हणून माणूस वेडा ठरत नाही. ते न्यायालयाने ठरवायचं. ‘बाहेरचं झालं’ म्हणून साखळीने बांधणं, मारणं हा राज्यात २०१३ पासून गुन्हा आहे. आणि समजा, ती खरंच आजारी असेल तर? तर तिला औषध हवं, खोली नको.

अशी बाई माहेरी आली की पहिल्याच दिवशी विचारा: कागद कुठे आहे? कोणत्या डॉक्टरचा? दागिने, भांडी, हुंडा कुणाकडे राहिला? जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून बाईला मिळकत न बघता वकील फुकट मिळतो. मात्र तिथे तिलाच सोबत न्या, आणि भावाच्या आधी तिला बोलू द्या.