हान्सची लेक, शकुंतलाबाईंची लेक

१६ फेब्रुवारी २०१८ रोजी दक्षिण कोरियातल्या प्यॉंगचांग हिवाळी ऑलिंपिकमध्ये बायकांच्या स्लालम शर्यतीत स्वीडनची फ्रिडा हान्सडॉटर पहिली आली. स्वित्झर्लंडच्या व्हेंडी होल्डेनरला तिनं अवघ्या ०.०५ सेकंदांनी मागं टाकलं. सुवर्णपदक जिच्या नावावर आधीच मांडून ठेवलं होतं, ती अमेरिकेची मिकाएला शिफ्रिन चौथी आली. फ्रिडाच्या वडिलांचं आडनाव मात्र हान्सडॉटर नाही, ते हान्स योहान्सन. लेकीनं वडिलांचं आडनाव न लावता त्यांचं नाव लावलं आणि त्यापुढं 'डॉटर' जोडलं: हान्सची मुलगी. असं नाव आजच्या स्वीडनमध्येही क्वचितच आढळतं.

बाईच्या अशा वेगळ्या नावाचा विषय निघाला की आपल्याकडे एक मत हमखास ऐकू येतं. ते असं, की लग्नानंतर नाव न बदलणं, आईचं किंवा वडिलांचं नाव लावणं ही पाश्चात्त्यांची नवी टूम आहे आणि लग्नानंतर बाईनं नवऱ्याचं नाव-आडनाव लावणं ही आपली सनातन रीत. सुशिक्षित घरांतही हे मत ठामपणे मांडलं जातं, परदेशी स्थायिक झालेल्या मराठी घरांत तर जरा जास्तच. हे मत इतिहासाला धरून नाही. पश्चिमेबद्दलचा त्यातला अर्धा भाग चुकीचा आहे आणि आपल्याबद्दलचाही.

आधी स्वीडनचंच पाहू. जुन्या काळी तिथल्या शेतकरी घरांत हान्सचा मुलगा हान्सन आणि मुलगी हान्सडॉटर. लग्न झालं तरी बाईचं नाव बदलत नसे, ती मरेपर्यंत हान्सडॉटरच राहायची. एकोणिसाव्या शतकात शहरी मध्यमवर्गात नवऱ्याचं आडनाव लावण्याची पद्धत रुजली. १९०१च्या आदेशानं आडनावं कायमची बांधली गेली आणि १९२०च्या विवाहकायद्यानं बायकोनं नवऱ्याचं आडनाव घेणं सक्तीचं झालं. स्वतःचं आडनाव राखण्याची मुभा १९६३च्या कायद्यानं परत मिळाली आणि 'डॉटर' लावण्याची वाट १९८२च्या कायद्यानं पुन्हा उघडली. म्हणजे ज्याला आपण नवी टूम म्हणतो ती तिथली जुनी रीत आहे, आणि ज्याला परंपरा म्हणतो ती सक्ती कायद्यात जेमतेम चाळीस-पंचेचाळीस वर्षं टिकली. फ्रिडानं नवं काही काढलेलं नाही. तिच्या पणजीच्या पणजीला हे नाव अगदी रोजचं वाटलं असतं.

इंग्लंडची गोष्ट वेगळी आणि आपल्याला जास्त लागू पडणारी, कारण आपल्या कचेऱ्यांचे फॉर्म इंग्रजांनी आखले. लग्न झालं की बाईचं कायदेशीर अस्तित्व नवऱ्याच्या अस्तित्वात विलीन होतं, असं इंग्रजी कायदा मानत असे. तिची मिळकत त्याची, तिची मजुरी त्याची. १८८२च्या कायद्यानं विवाहितेला स्वतःची मिळकत राखता आली. नवऱ्याचं आडनाव घ्या असा कायदा मात्र तिथं तेव्हाही नव्हता आणि आजही नाही. ती केवळ रूढी आहे, त्या विलीनीकरणाच्या कल्पनेची मागं राहिलेली खूण. इंग्लंड आणि वेल्समधल्या विवाहदाखल्यावर १८३७पासून वर आणि वधू दोघांच्या बापांची नावं आणि व्यवसाय लिहिले जात. आयांना त्यावर जागा मिळाली ती ४ मे २०२१ला.

या रूढीची किंमत काय, हे केंब्रिजमध्ये नीट दिसतं. न्यूनम कॉलेजात शिकलेली सिसिलिया पेन पुढं अमेरिकेला गेली. तारे मुख्यतः हायड्रोजनचे बनलेले आहेत हे दाखवणारा प्रबंध तिनं १९२५ साली लिहिला तो पेन या नावानं. १९३४ साली लग्न झाल्यावर तिनं जुन्या नावाला नवं जोडून घेतलं आणि ती पेन-गापोश्किन झाली. डोरोथी क्रोफुटनं केंब्रिजमधूनच डॉक्टरेट मिळवली. १९३७ साली लग्न झाल्यावरही बारा वर्षं ती क्रोफुट याच नावानं लिहीत राहिली, कारण स्फटिकांवरचं तिचं सुरुवातीचं सगळं काम त्या नावावर होतं. १९४९ साली एका ग्रंथातल्या प्रकरणासाठी हॉजकिन हे नाव वापरायला तिला राजी केलं गेलं. १९६४चं रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं ते डोरोथी हॉजकिनला. इन्सुलिनच्या स्फटिकाचं १९३५चं छायाचित्र मात्र क्रोफुटच्या नावावर आहे. ग्रंथालयात शोधायला बसणाऱ्यानं दोन्ही बाया एकच आहेत हे आधी माहीत करून घ्यायचं.

आता याच केंब्रिजमधलं मराठी घर. रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १८९६ साली सेंट जॉन्स कॉलेजात दाखल झाले आणि १८९९ साली जॉर्ज बर्टविसल यांच्या जोडीनं सीनियर रँग्लर, म्हणजे गणिताच्या परीक्षेत पहिले, ठरले. इंग्रजी यादीत ते 'आर. पी. परांजपे'. त्यातला 'पी' म्हणजे वडील पुरुषोत्तम. स्वीडनच्या 'हान्सन'मध्ये आणि आपल्या मधल्या नावात तत्त्व एकच आहे, फक्त आपण बापाचं नाव आडनावाच्या आधी ठेवतो. रघुनाथराव तिथं शिकत असताना, १८९७च्या मे महिन्यात, बायकांना पदवी द्यावी का यावर विद्यापीठात मतदान झालं. सिनेट हाउससमोर सायकलवर बसलेल्या बाईचा पुतळा टांगला गेला, रस्त्यावर पोरांचा हैदोस झाला आणि १,७१३ विरुद्ध ६६२ मतांनी ठराव फेटाळला गेला.

रघुनाथरावांची मुलगी शकुंतला पुढं त्याच विद्यापीठात, न्यूनम कॉलेजात गेली आणि १९२९ साली गणिताची ट्रायपॉस परीक्षा उत्तीर्ण झाली. तोवर बायकांना नावापुरती पदवी मिळू लागली होती, पण विद्यापीठाच्या कारभारात मत नव्हतं. पूर्ण पदवी १९४८ साली सुरू झाली. शकुंतलाबाईंनी रशियन चित्रकार युरा स्लेप्टझॉफ यांच्याशी लग्न केलं. १९३८ साली मुलगी सई जन्मली, आणि लग्न फार टिकलं नाही. 'कुंकू' या १९३७च्या प्रभात चित्रपटात काकासाहेबांच्या समाजसेविका लेकीची भूमिका करणाऱ्या शकुंतला परांजपे, र. धों. कर्व्यांच्या संततिनियमनाच्या कामाला हयातभर साथ देणाऱ्या शकुंतला परांजपे, १९५८ ते १९६४ विधान परिषदेत आणि १९६४ ते १९७० राज्यसभेत बसलेल्या शकुंतला परांजपे या एकच व्यक्ती आहेत, हे कुणाला शोधून काढावं लागत नाही. आणि सई? स्लेप्टझॉफ नाहीत, अरुण जोगळेकरांशी लग्न झाल्यावर जोगळेकरही नाहीत. आईचं आडनाव लावून, सई परांजपे म्हणूनच, त्या 'स्पर्श', 'चष्मेबद्दूर', 'कथा' हे चित्रपट करत गेल्या. हे सगळं पुण्यात, मराठी घरात, मराठी समाजाच्या डोळ्यांदेखत घडलं. संस्कृती बुडाली नाही.

यावर कुणी म्हणेल, परांजप्यांचं घर सुधारकांचं, त्याचा दाखला साऱ्या समाजाला कसा लागू होईल? मग मागं जाऊ, थेट नाशिकच्या पांडवलेण्यांपर्यंत. तिथल्या तिसऱ्या लेण्यात गौतमी बलश्रीचा प्राकृत लेख आहे, नातू वासिष्ठीपुत्र पुळुमावीच्या एकोणिसाव्या राज्यवर्षातला. तिच्या मुलाचं नाव गौतमीपुत्र सातकर्णी. महाराष्ट्राचे पहिले मोठे राजे आपल्या नावाआधी आईचं नाव लावत होते. शिवाय गौतमी, वासिष्ठी ही नावं त्या राण्यांच्या माहेरच्या गोत्रांवरून आलेली आहेत. राजाच्या घरात नांदायला आल्यावरही माहेरची ओळख पुसली गेली नाही, उलट ती मुलाच्या नावात आणि नाण्यांवर गेली. राज्य पुरुषांच्या हातातच होतं, यात शंका नाही. पण बाईचं नाव टिकवणं आपल्या मातीला परकं होतं, असं यानंतर म्हणता येत नाही.

नाव बदलण्याचा रिवाज आपल्याकडे नव्हताच, असं मात्र नाही. लग्नातल्या लक्ष्मीपूजनाच्या वेळी ताटात तांदूळ पसरून नवरा सोन्याच्या अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहितो, हे कित्येकांनी पाहिलेलं आहे. यमुना जोशीची आनंदीबाई झाली, यमुना कुर्लेकरची रमाबाई रानडे झाली. जुन्या सातबाऱ्यावर पुरुषाच्या नावापुढं 'बिन' आणि बापाचं नाव, बाईच्या नावापुढं 'कोम' आणि नवऱ्याचं. हा रिवाज खराच. प्रश्न आहे तो त्याला एकमेव आणि सनातन म्हणण्याचा. अकरा वर्षांच्या रमाबाईंना कुणी विचारलं नव्हतं. आज तिशीत लग्न करणाऱ्या, दहा वर्षं नोकरी केलेल्या मुलीला त्या ताटासमोर बसवताना तोच आधार कसा चालेल?

विरोधकांचा सर्वांत तगडा मुद्दा वेगळाच आहे. हान्सडॉटर काय, परांजपे काय, शेवटी नाव पुरुषाचंच; बापाचं सोडून नवऱ्याचं घेतलं तर बिघडलं काय? याला उत्तर द्यायलाच हवं. मुलग्यालाही नाव बापाचंच मिळतं, पण लग्नाच्या दिवशी ते उतरवून ठेव असं त्याला कुणी सांगत नाही. शाळेचा दाखला, पदवी, पहिली पगाराची पावती, छापून आलेला पहिला लेख, सगळं त्या एका नावावर साठत जातं आणि तीस वर्षांनी त्याची पुंजी होते. बाईची पुंजी मधेच दोन खात्यांत फुटते. नाव मूळचं कुणाचं होतं यापेक्षा तिनं त्यावर काय कमावलं याला मोल आहे.

म्हणून स्वेच्छेनं नाव बदलणारीला बोल लावायचं कारण नाही. १९६४ साली मुंबई विद्यापीठाच्या एम.ए.ला गणितात पहिल्या येऊन सुवर्णपदक मिळवलेल्या मंगला राजवाडे पुढच्या वर्षी मंगला नारळीकर झाल्या, नवऱ्यासोबत केंब्रिजला राहिल्या आणि त्याच नावानं त्यांनी पुढं गणितात डॉक्टरेट केली. पण सुवर्णपदक राजवाडेंचं आणि प्रबंध नारळीकरांचा, ही जोडणी आज चरित्रकारालाच करावी लागते.

कागदपत्रांची भीती घालणं हा शेवटचा उपाय. व्हिसाला अडेल, पासपोर्टला अडेल, मुलाला घेऊन विमानतळावर अडवतील. प्रत्यक्षात डिसेंबर २०१६च्या नियमांनंतर भारतीय पासपोर्टसाठी विवाहदाखलाही लागत नाही आणि आईवडलांपैकी एकाचंच नाव दिलं तरी चालतं. अडचण येते ती नाव बदललं की: प्रतिज्ञापत्र, राजपत्रातली नोंद, आधार, पॅन, बँक, आणि पदवीवर जुनंच नाव.

महाराष्ट्र सरकारनं मार्च २०२४मध्ये एक चांगला निर्णय घेतला. १ मे २०२४ आणि त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. याचं स्वागत करावं तेवढं थोडं. पण त्याच निर्णयात विवाहित स्त्रीसाठी जुनीच पद्धत ठेवली आहे: तिचं नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव. लग्नाआधीचं नाव लावण्याची मुभा आहे ती मिळकतीच्या दस्तऐवजात. हे कलम उलटं लिहिलं पाहिजे. जन्मदाखल्यावरचं नाव लग्नानंतरही कायम, आणि बदल हवा असेल तर तो बाईच्या स्वतःच्या अर्जावर. नाहीतर मे २०२४मध्ये जन्मलेली मुलगी शाळेत आईचं नाव लावून वाढेल, त्या नावानं पदवी घेईल, आणि लग्न झालं की त्याच निर्णयाच्या जोरावर सरकारी कागदात तिच्या आईच्या नावाला जागाच उरणार नाही.