झाडू, रेडिओ आणि पोवाड्याचा वारसा
राजापेठ, अमरावती

अमोल के. पाटील हे १९८७ साली मुंबईत जन्मलेले दृश्यकलावंत. सादरीकरण, चित्रफीत, रेखाटन, ब्राँझची शिल्पे, यंत्राने हलणाऱ्या रचना अशी त्यांची साधने अनेक. विषय मात्र फारसा बदलत नाही. चाळीत राहून शहर चालवणाऱ्या कष्टकऱ्यांचे शरीर आणि त्यावर बसलेला जातीचा ठसा, हा तो विषय.

कला घरातच होती. आजोबा गुणाजी पाटील पोवाडे रचत. वडील किसन पाटील नाटककार. पोटासाठी मुंबईत आलेली माणसे त्यांच्या लेखनात येतात. वडिलांच्या संहिता आणि जुनी ध्वनिमुद्रणे हे पाटील यांचे भांडवल. त्यांची ते पूजा मांडत नाहीत, पुन्हा कामाला लावतात, आणि इथेच ते आजोबांचे नातू ठरतात. शाहीर प्रसंग जुना गातो, फटकारा समोरच्या काळाला देतो.

जर्मनीतील कासेल शहरात दर ५ वर्षांनी ‘डॉक्युमेंटा’ हे प्रदर्शन भरते. २०२२ मध्ये त्याची सूत्रे इंडोनेशियातील ‘रुआंगरुपा’ या कलावंतांच्या गटाकडे होती. तिथे पाटील यांनी ‘ब्लॅक मास्क्स ऑन रोलर स्केट्स’ मांडले. त्यातला सफाई कामगार पायांत चाके बांधून, रेडिओच्या साथीने रस्ता झाडतो. आधी गंमत वाटते, मग ती टोचू लागते. झाडू जातीने हाती दिलेला. गिरकी मात्र त्याची स्वतःची. पाटील यांच्या कामातली ही सर्वांत नेमकी कल्पना म्हणावी लागेल.

२०२३ मध्ये लंडनच्या हेवर्ड गॅलरीत ‘द पॉलिटिक्स ऑफ स्किन अँड मूव्हमेंट’ हे त्यांचे प्रदर्शन झाले. विसाव्या शतकाच्या आरंभी गिरणी कामगारांसाठी उभ्या राहिलेल्या चाळी त्याच्या केंद्रस्थानी होत्या. ब्राँझमध्ये घडवलेले हातपायही त्यात होते. पण ब्राँझ हा पुतळ्यांचा धातू. चौथऱ्यावरच्या थोरांची सवय त्याला फार. चित्रफितीत घाम आणि धाप उरते, ती धातूत थंडावते.

वऱ्हाडाला झाडूचे सादरीकरण नवे नाही. शेंडगावचे गाडगेबाबा (१८७६–१९५६) दिवसा गाव झाडत आणि रात्री कीर्तनात त्याच गावाला उलटे प्रश्न विचारत. त्यांची समाधी अमरावतीतच आहे. तुलना मात्र जपून करावी. बाबांनी झाडू आपणहून उचलला होता, म्हणून तो खाली ठेवण्याची मुभाही त्यांना होती. पालिकेच्या सफाई कामगाराला ती बहुधा नसते. अनेक घरांत नोकरीबरोबर झाडूही पुढच्या पिढीकडे जातो. त्यामुळे बाबांच्या झाडूला लोकांनी हात जोडले, तसे पहाटे राजापेठेचा रस्ता झाडणाऱ्याला कोणी जोडत नाही. पाटील यांच्या चाकांवरच्या माणसालाही कोणाचा नमस्कार नको आहे. तो रेडिओचा आवाज वाढवतो.