‘देतो रे, पळतोय का कुठे?’

महिनाअखेर आली की दोन गोष्टी हमखास आठवतात. क्रेडिट कार्डाचं बिल आणि दोस्ताला दिलेले उसने पैसे. दोस्त मात्र मस्त. मागायला जा, उत्तर ठरलेलं, ‘देतो रे, पळतोय का कुठे?’

माझ्या एका मित्राने कॉलेजच्या याराला दीड लाख दिले. लोणावळ्यात वीकेंडला बंगला भाड्याने चालवायचा होता म्हणे. कागद नाही, साक्षीदार नाही. नुसतं बँक ट्रान्सफर. अडीच वर्षं झाली. मित्र म्हणतो, ‘कोर्टात गेलो तर दोस्ती तुटेल.’ मी म्हटलं, बाबा रे, आधी कॅलेंडर बघ! परतीची तारीख ठरलेली नसेल, तर उसन्या पैशांचा दावा दिल्या तारखेपासून ३ वर्षांत लावावा लागतो. मुदत संपायच्या आत त्याने ‘एवढे देणं आहे’ असं लिहून सही केली, तर तिथून नवी ३ वर्षं. तोंडी ‘देतो रे’ला हा मान नाही.

दावा लावायचा कुठे? समोरचा राहतो तिथे लावता येतो. लोणावळेकर असेल तर मावळ तालुक्याचं कोर्ट, म्हणजे वडगाव. पुणे-लोणावळा लोकल पकडा, वडगावला उतरा.

आधी वकिलाची नोटीस पाठवा. काहींना तेवढ्यानेच जाग येते. लेखी करार, प्रॉमिसरी नोट किंवा चेक हातात असेल तर ‘समरी सूट’ लावता येतो. त्यात समोरच्याला १० दिवसांत हजर व्हावं लागतं आणि बचावासाठी कोर्टाची परवानगी घ्यावी लागते. नुसतं ट्रान्सफर असेल तर साधा दावा, आणि वेळ जास्त. कारण स्टेटमेंटवरून पैसे गेले एवढंच दिसतं. ‘ती तर बिझनेसमधली भागीदारी होती,’ असं तो खुशाल म्हणू शकतो. म्हणून ‘पुढच्या महिन्यात परत करतो’वाले व्हॉट्सअॅप मेसेज डिलीट करू नका. ते कोर्टात द्यायचे तर सोबत ठरलेलं प्रमाणपत्रही लागतं.

आणि निकाल लागला म्हणजे पैसे आले असं नाही हं! तरीही दिले नाहीत तर दरखास्त करायची, मग बँक खात्यावर किंवा मालमत्तेवर जप्ती. हे सगळं नको असेल तर लोकअदालतीत हप्ते ठरवा. तिथल्या तडजोडीला कोर्टाच्या हुकूमनाम्याचाच दर्जा असतो.

गंमत म्हणजे याच वडगावात १७७९ साली हरलेल्या इंग्रजांनी मराठ्यांशी तह केला होता. सह्या झाल्या, फौज सुटली, आणि मुंबईकर साहेब म्हणाले, सही करणाऱ्यांना अधिकारच नव्हता! सही करूनसुद्धा लोक असे फिरतात. आपल्याकडे तर सहीच नाही.

माझ्या मित्राकडे अजून सहा महिने आहेत. येत्या शनिवारी दोस्ताला चहाला बोलव, असं मी त्याला सांगितलंय. सोबत एक कोरा कागद आणि पेन ने.