खाडीची खोली आणि खर्चाची काटकसर

खारेपाटणच्या पुलावरून गोव्याकडे जाणाऱ्या प्रवाशास, खाली दिसणारे पाणी एकेकाळी गलबतांचे होते हे सांगूनही खरे वाटत नाही. शिलाहार रट्टराजाचा शके ९३० चा, म्हणजे इ. स. १००८ चा, जो ताम्रपट बाळशास्त्री जांभेकरांनी वाचला तो याच गावचा. त्यात परदेशांतून येणाऱ्या जहाजांवरील सुवर्णकराचा उल्लेख आहे. आज विजयदुर्गाच्या खाडीतून मोठे गलबत येथवर येत नाही. पात्रात गाळ साचला.

अशा किनाऱ्याचा विचार करताना आल्फ्रेड डंडास टेलर या आरमारी अधिकाऱ्याची आठवण होते. १८२५ साली जन्मलेला हा गृहस्थ कंपनीच्या आरमारात चाकरीस होता. त्याने लढाई जिंकल्याची कथा पाठ्यपुस्तकात सापडणार नाही. अठराशे पन्नासच्या दशकात पश्चिम किनाऱ्याच्या सागरी मोजणीत त्याचा मोठा वाटा होता. शिशाचा गोळा दोरीला बांधून पाण्यात सोडावयाचा, किती वाव पाणी आहे ते टिपावयाचे, खडक आणि वाळूचे दांडे नकाशावर मांडावयाचे, हे कष्टाचे आणि कंटाळ्याचे काम. यामागे परोपकार होता असे समजण्याचे कारण नाही. व्यापार आणि सैन्य सुखरूप न्यावे, हाच सरकारचा हेतू. तथापि खडक गोऱ्या जहाजाला आणि मालवणी गलबताला सारखाच फोडतो.

पुढे १८६३ साली काटकसरीच्या नावाखाली सरकारने ते आरमारच मोडले आणि त्याबरोबर हिंदी किनाऱ्याची मोजणीही खुंटली. नकाशे जुने होत गेले. समुद्र मात्र त्यांच्यासाठी थांबत नाही. टेलरने मोजणी पुन्हा सुरू व्हावी म्हणून पाठपुरावा केला, आणि १८७४ साली कलकत्त्यास सागरी मोजणी खाते निघून तोच त्याचा प्रमुख झाला. अकरा वर्षे एका खात्याची बचत करून राज्यकर्त्यांनी काय साधले, हा हिशेब कोणत्याही सरकारने, आमच्याही, मांडून पाहावा.

एक गोष्ट मात्र मनास बोचते. कोकणातील तांडेलांना विचारल्याविना असली मोजणी होत नसते. कोठे भरतीला पाणी फिरते, कोठे ओहोटीला मचवा अडकतो, हे त्यांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक. नकाशावर अधिकाऱ्याचे नाव छापले गेले, तांडेलाचे नाही. दोष केवळ इंग्रजांचा नव्हे. आम्हीही ते ज्ञान लिहून ठेवले नाही.

वाघोटणच्या काठी आजही काही वृद्ध नाखवे या पाण्याची जुनी वाट सांगू शकतील. खाडीतील गाळ उपसण्याच्या गोष्टी निवडणुकीच्या सुमारास ऐकू येतात, परंतु उपसण्यापूर्वी तो मोजावा लागतो. महाराष्ट्र सागरी मंडळाने मोजणीच्या होडीत एक यंत्र आणि एक नाखवा असे दोघेही बसवावेत.