विश्लेषण : हप्ता तोच, वर्षे मात्र वाढली! गृहकर्जाची खरी किंमत किती?

रेपो दर डिसेंबर २०२५ मध्ये ५.२५ टक्क्यांवर आला आणि गृहकर्जे पुन्हा स्वस्त झाली. मात्र ५० लाखांच्या कर्जाची २० वर्षांची परतफेड आजही एक कोटीच्या पुढे जाते. २०२२-२३ मधील दरवाढीत ज्यांची मुदत लांबली, त्यांचा आकडा त्याहून मोठा असू शकतो.

अटल सेतू आणि विमानतळामुळे उलवे, पनवेल, खारघर, तळोजा या पट्ट्यात घर पाहणाऱ्यांची वर्दळ वाढली आहे. विक्री कार्यालयात कुटुंबाला दोन आकडे ठळकपणे सांगितले जातात. एक घराची किंमत, दुसरा महिन्याचा हप्ता. शेवटचा हप्ता फिटेपर्यंत खिशातून एकूण किती जाणार, हा तिसरा आकडा कागदपत्रांत असतो, पण त्यावर बोलणे क्वचितच होते. गृहकर्जाची खरी किंमत मात्र तोच आकडा सांगतो.

५० लाखांचे एक कोटी कसे होतात?

उदाहरण म्हणून साडेबासष्ट लाखांचे घर घेऊ. ३० ते ७५ लाखांच्या कर्जासाठी रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच कर्ज मिळते. म्हणजे ५० लाख बँकेचे आणि साडेबारा लाख स्वतःचे. व्याजदर ८ टक्के आणि मुदत २० वर्षे धरली, तर हप्ता येतो ४१,८२२ रुपये. असे २४० हप्ते भरले की एकूण परतफेड होते १ कोटी ३७ हजार रुपये. त्यात व्याज ५० लाख ३७ हजार. एक घर बांधणाऱ्याचे, तर जवळपास तेवढेच दुसरे बँकेचे.

मुदत बदलली की चित्र पालटते. याच कर्जाचे, याच दराने तीन हिशेब असे :

• १५ वर्षे : हप्ता ४७,७८३ रुपये, एकूण व्याज सुमारे ३६ लाख
• २० वर्षे : हप्ता ४१,८२२ रुपये, एकूण व्याज सुमारे ५०.४ लाख
• ३० वर्षे : हप्ता ३६,६८८ रुपये, एकूण व्याज सुमारे ८२ लाख

२० ऐवजी ३० वर्षांची मुदत घेतली तर महिन्याला पाच हजार रुपये वाचतात. त्यासाठी मोजावे लागणारे जादा व्याज आहे जवळपास ३२ लाख.

सुरुवातीच्या हप्त्यांत मुद्दल किती फिटते?

फारच थोडे. पहिल्या ४१,८२२ रुपयांपैकी ३३,३३३ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून वजा होतात केवळ ८,४८९. व्याज दरमहा शिल्लक मुद्दलावर लागते, त्यामुळे मुद्दल मोठे असताना व्याजाचा वाटाही मोठा असतो. हप्त्यातील मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा जास्त होण्यासाठी बारावे वर्ष उजाडावे लागते.

दहा वर्षांनंतरचा हिशेब अनेक कर्जदारांना धक्का देतो. तोपर्यंत ५० लाख १८ हजार रुपये भरून झालेले असतात, म्हणजे घेतले तेवढे परत केलेले असते. तरीही सुमारे साडेचौतीस लाख बाकी असतात. मुदत अर्धी संपली तरी कर्ज एक तृतीयांशही फिटलेले नसते. दहाव्या वर्षी घर विकणाऱ्याला हाती अपेक्षेपेक्षा कमी रक्कम येते, त्याचे एक मोठे कारण हे आहे.

२०२२-२३ च्या दरवाढीत नेमके काय झाले?

मे २०२० ते मे २०२२ या काळात रेपो दर ४ टक्के होता. २०२१ च्या सणासुदीत मोठ्या बँकांची गृहकर्जे पावणेसात टक्क्यांच्या आसपास मिळत होती. त्यानंतर महागाई रोखण्यासाठी रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो दर ६.५ टक्क्यांवर नेला. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या व्याजदराची गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, बहुतेक ठिकाणी रेपोशी, जोडलेली आहेत. त्यामुळे ही अडीच टक्क्यांची वाढ थेट कर्जदारापर्यंत पोहोचली.

अनेकांच्या हप्त्यात मात्र काहीच फरक पडला नाही. बँकांनी हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली. खात्यातून दरमहा तेवढीच रक्कम जात असल्याने कर्जदारांना बदल जाणवलाच नाही.

याचा परिणाम काय होतो, ते एका काल्पनिक उदाहरणावरून पाहू. कामोठ्यातील ३८ वर्षांच्या नोकरदाराने २०२१ च्या दिवाळीत ५० लाखांचे कर्ज २० वर्षांसाठी ६.७५ टक्क्यांनी घेतले. हप्ता ३८,०१८ रुपये, आणि कर्ज फिटणार वयाच्या ५८व्या वर्षी. वर्षभराने शिल्लक राहिली ४८ लाख ७७ हजार. गणित सोपे राहावे म्हणून त्यानंतर दर एकदम ९.२५ टक्के झाला असे धरू. आता या शिल्लकीवर महिन्याचे व्याजच होते सुमारे ३७,६०० रुपये. जुन्याच हप्त्यातून मुद्दलात जातात जेमतेम ४२० रुपये. या गतीने कर्ज फिटायला आणखी ४९ वर्षे लागतील. तेव्हा कर्जदाराचे वय असेल ८८!

कोणतीही बँक एवढी मुदत देत नाही. त्यामुळे अशा खात्यांत मुदत आधी वयोमर्यादेपर्यंत किंवा ३० वर्षांपर्यंत ताणली जाते आणि त्यानंतर हप्ता वाढवला जातो. या कर्जदारापुढचे दोन पर्याय असे :

• मुदत तीच (उरलेली १९ वर्षे) : हप्ता ४५,४९८ रुपये, एकूण व्याज सुमारे ५८.३ लाख
• मुदत वाढवून (उरलेली २९ वर्षे) : हप्ता ४०,३८८ रुपये, एकूण व्याज सुमारे ९५.१ लाख

कर्ज घेतले तेव्हा एकूण व्याज ४१ लाखांच्या घरात होते. पुढे दर उतरल्याने प्रत्यक्ष आकडे याहून कमी होतील. मात्र दर उतरल्यावर लांबलेली मुदत पुन्हा किती आखडली, हे प्रत्येक खात्यात तपासूनच पाहावे लागते.

रिझर्व्ह बँकेने काय नियम केले?

तक्रारी वाढल्यावर १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे ठरवण्याचा पर्याय कर्जदाराला द्यावा, असे त्यात म्हटले आहे. मुदतीपूर्वी काही किंवा सर्व रक्कम भरण्याचा पर्यायही द्यायचा आहे. बँकेच्या धोरणानुसार स्थिर व्याजदराकडे वळण्याचा पर्याय देणेही तेव्हा बंधनकारक होते, ऑक्टोबर २०२५ पासून मात्र तो बँकेच्या मर्जीवर आहे. वाढवलेल्या मुदतीत हप्त्यातून व्याजही फिटत नाही आणि कर्ज उलट वाढत जाते, अशी वेळ येऊ देऊ नये, असेही बजावले आहे.

याच परिपत्रकानुसार दर तिमाहीला विवरणपत्र मिळायला हवे. आतापर्यंत किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक व्याजदर, हे त्यात असते. यातील ‘उरलेले हप्ते’ ही ओळ सर्वांत महत्त्वाची. नव्या कर्जदारांसाठी १ ऑक्टोबर २०२४ पासून मुख्य तथ्य विवरणपत्रही बंधनकारक आहे. सर्व शुल्क धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचे संपूर्ण वेळापत्रक त्यात द्यावे लागते. कुणी न सांगितलेला तिसरा आकडा इथे सापडतो.

दर कमी झाले, तर हप्ता कमी करावा का?

फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ या काळात रेपो दर ६.५ वरून ५.२५ टक्क्यांवर आला, म्हणजे सव्वा टक्क्याची घट. समजा ५० लाखांचे कर्ज ९.२५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले होते, हप्ता होता ४५,७९३ रुपये. दोन वर्षांनी शिल्लक असते सुमारे ४८ लाख १० हजार आणि दर होतो ८ टक्के. मुदत तीच ठेवून हप्ता कमी करून घेतला, तर तो ४२,०८३ रुपये होतो. महिन्याला ३,७०० रुपये हातात राहतात. हप्ता जुनाच ठेवला, तर उरलेली १८ वर्षे साधारण १५ वर्षांवर येतात आणि सुमारे पावणेआठ लाख रुपये वाचतात. घरखर्चाची फार ओढाताण नसेल, तर दुसरा पर्याय फायद्याचा ठरतो. या कर्जदाराला पूर्वीचा हप्ता भरायची सवय झालेलीच असते.

इथे एक मेख आहे. बाह्य मानदंडाची सक्ती बँकांना आहे, गृहवित्त कंपन्यांना नाही. त्यांचे दर स्वतःच्या मूळ कर्जदरावर ठरतात. त्यामुळे रेपो कपातीचा लाभ त्यांच्या ग्राहकांना त्याच वेगाने मिळेलच असे नाही. बँकांतील २०१९ पूर्वीच्या जुन्या पद्धतीच्या कर्जांनाही हे लागू होते. ठरावीक शुल्क भरून कर्ज रेपोसंलग्न करून घेणे किंवा दुसरीकडे हलवणे, हा त्यावरचा मार्ग.

हप्त्याबाहेरचा खर्च कोणता?

मुद्रांक शुल्क सहा टक्के धरले, तरी साडेबासष्ट लाखांच्या घरावर पावणेचार लाख होतात. नोंदणी शुल्क एक टक्का, पण कमाल ३० हजार. घर महिलेच्या नावावर असेल तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत मिळते. हे खर्च साधारणपणे गृहकर्जात बसत नाहीत, ते रोखच उभे करावे लागतात. बांधकाम सुरू असलेल्या घरावर पाच टक्के जीएसटी लागतो. ४५ लाखांपर्यंतच्या आणि ६० चौरस मीटरपर्यंत चटईक्षेत्राच्या घरांना तो एक टक्का आहे. भोगवटा प्रमाणपत्र मिळाल्यावर घेतलेल्या घराला जीएसटी नाही.

नवी मुंबईत आणखी एक बाब असते. सिडकोने दिलेली जमीन ही साधारणपणे ६० वर्षांच्या भाडेपट्ट्यावर असते. अशा जमिनीवरील घराची पुनर्विक्री करताना सिडकोचे हस्तांतरण शुल्क लागते. ते कोण भरणार, हे व्यवहाराआधीच ठरवून घ्यावे लागते.

कर्जासोबत दिला जाणारा विमाही पाहण्यासारखा आहे. दोन लाखांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला, तर २० वर्षांत तो चार लाखांना पडतो. घरात एकच कमावता असेल तर विमा हवाच, पण तो वेगळा, वर्षाच्या हप्त्याने घेता येतो.

सिडकोच्या घरांचे गणित कसे बसते?

‘माझे पसंतीचे सिडकोचे घर’ योजनेच्या किमती जानेवारी २०२५ मध्ये जाहीर झाल्या. तळोज्यात अत्यल्प उत्पन्न गटासाठी २५.१ लाखांपासून, बामणडोंगरीत ३१.९ लाख, तर वाशी ट्रक टर्मिनल येथे अल्प उत्पन्न गटासाठी ७४.१ लाख. या किमती परवडणाऱ्या नाहीत, अशी टीका तेव्हा झाली.

बामणडोंगरीचे घर जानेवारी २०२५ च्या किमतीने घेऊ. ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला ९० टक्के मर्यादा आहे, म्हणजे कर्ज २८.७१ लाख. ८ टक्क्यांनी २० वर्षांसाठी हप्ता होतो सुमारे २४ हजार. अत्यल्प गटाची उत्पन्नमर्यादा वर्षाला सहा लाख, म्हणजे महिन्याला जास्तीत जास्त ५० हजार. जवळपास निम्मा पगार हप्त्यातच जाणार. स्वतःचे ३.१९ लाख धरून हे घर वीस वर्षांत साधारण ६१ लाखांना पडते. पंतप्रधान आवास योजनेचे अनुदान मिळाले, तर भार तेवढा हलका होतो.

प्राप्तिकरातील सवलतीने भरपाई होत नाही का?

थोडीशी होते, तीही जुन्या करप्रणालीत. स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जावरील व्याजाला वर्षाला कमाल दोन लाखांची वजावट आहे. ५० लाखांच्या कर्जावर पहिल्या वर्षाचे व्याजच ३ लाख ९६ हजार होते, म्हणजे निम्मे व्याज सवलतीबाहेर. नव्या करप्रणालीत अशा घराच्या व्याजाला ही वजावट नाहीच. ‘कर वाचतो, म्हणून कर्ज राहू द्या’ हा सल्ला त्यामुळे आता अनेकांना लागू पडत नाही.

मग खरी किंमत कमी कशी करायची?

बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीपूर्वी परतफेडीचे शुल्क घेता येत नाही. ही रक्कम जितकी लवकर भरली जाते, तितका तिचा फायदा जास्त. आठ टक्क्यांच्या २० वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे साडेदहा हप्ते वाचतात, म्हणजे सुमारे ३ लाख ४० हजारांचे व्याज. दिवाळीचा बोनस किंवा पगारवाढीची थकबाकी यासाठी उपयोगी पडते. मात्र सहा महिन्यांचा घरखर्च हाताशी ठेवूनच. जादा रक्कम भरताना ‘हप्ता कमी नको, मुदत कमी करा’ असे बँकेला लेखी कळवणे गरजेचे.

याचा अर्थ कर्ज घेणे चूकच, असे नाही. पगार वाढतो आणि रुपयाची किंमत घटते, त्यामुळे आजचा ४२ हजारांचा हप्ता पंधरा वर्षांनी तेवढा जड वाटत नाही. शिवाय दरवर्षी वाढणाऱ्या भाड्यातून सुटका होते. पण हे गणित निवृत्तीआधी कर्ज फिटले तरच जुळते. राज्य सरकारी कर्मचारी ५८व्या वर्षी निवृत्त होतो, खासगी नोकरीत साधारण ५८ ते ६०. मुदत त्यापुढे सरकली, तर उरलेले हप्ते भविष्य निर्वाह निधीतून किंवा मुलांच्या पगारातून जातात. बँकेच्या अॅपवर हप्त्याची रक्कम सगळेच पाहतात. त्याच पानावर असलेली शेवटच्या हप्त्याची तारीख आणि स्वतःची निवृत्तीची तारीख शेजारी ठेवून पाहिली, की कोणता पर्याय निवडायचा हे स्पष्ट होते.